पीएचडीची वेतनवाढ अडली? गोव्यातल्या प्राध्यापकांनी या चुका टाळा

वर्षानुवर्षे रात्री जागून प्रबंध पुरा करायचा आणि हक्काच्या वेतनवाढीची फाइल मात्र एका शेऱ्यापायी पडून राहायची, ही वेळ कुणावरच येऊ नये. फाइल महाविद्यालयातून पर्वरीच्या उच्च शिक्षण संचालनालयात जाते, त्रुटी निघून परत येते आणि काही जणांना अखेर मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात याचिका करावी लागते. तिथे दावा ढिला पडतो तो बहुधा आपल्याच कागदांमुळे.

सर्वांत महागात पडणारी चूक तारखांची. "सहकाऱ्याला पाच मिळाल्या, मलाही पाच द्या" हा युक्तिवाद टिकत नाही. १९९८ च्या यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) योजनेत नेमणुकीच्या वेळी पीएचडी असेल तर चार आगाऊ वेतनवाढी होत्या, सेवेत असताना पदवी मिळवली तर दोन. सहाव्या वेतन आयोगानंतर हेच आकडे पाच आणि तीन झाले. वेतन १ जानेवारी २००६ पासून सुधारले, पण या आगाऊ वेतनवाढींचा लाभ १ सप्टेंबर २००८ पासून. थकबाकीचा तक्ता २००६ पासून मांडला की पहिल्याच पानावर आक्षेप येतो. पुढे २ नोव्हेंबर २०१७ च्या केंद्राच्या पत्राने या आगाऊ वेतनवाढी बंद केल्या. पीएचडीचा फायदा आता बढतीत मिळतो: लेव्हल १० (सहायक प्राध्यापकाची सुरुवातीची वेतनश्रेणी) वरून ११ वर जायला सहाऐवजी चार वर्षे पुरतात. सातवे वेतन १ जानेवारी २०१६ पासून लागू, पत्र मात्र २०१७ चे. या मधल्या काळात पदवी मिळालेल्यांनी ही गोष्ट वकिलाला पहिल्याच भेटीत सांगावी, कारण त्यांचा सगळा वाद याच फटीतला आहे.

म्हणून अर्ज लिहिण्याआधी एका कागदावर चार तारखा मांडा: नेमणूक, पीएचडीची नोंदणी, मौखिक परीक्षा, पदवी जाहीर झाल्याची विद्यापीठाची अधिसूचना. पदवीदान समारंभाची तारीख यात धरू नका, तो कित्येक महिन्यांनी होतो.

कोर्सवर्क, म्हणजे पीएचडीसाठीचा सक्तीचा अभ्यासक्रम, केलेले नाही असा शेरा आला की अनेक जण हात टेकतात. तसे करू नका. समजा, डिचोलीच्या एका बाईंची नोंदणी २००७ ची, कोर्सवर्क सक्तीचे करणारे यूजीसीचे विनियम जुलै २००९ चे. नोंदणी आधी झालेल्यांसाठी २०१० च्या विनियमांत स्वतंत्र तरतुदी आहेत. आपण नेमके कोणत्या तरतुदीत बसतो ते निवेदनात लिहा आणि प्रवेश, कोर्सवर्क, बाह्य परीक्षक यांबद्दल विद्यापीठाचे पत्र जोडा. पदवी धारवाड, कोल्हापूर किंवा मुंबईची असेल तर हे पत्र मिळवायला वेळ लागतो, तेव्हा आधीच मागून ठेवा. नेट-सेटमधून सूट मिळावी म्हणून घेतलेले पाच मुद्द्यांचे प्रमाणपत्र हा वेगळा कागद आहे, त्याने हे काम भागत नाही.

हिशेबातही गल्लत होते. सहाव्या आयोगानंतरच्या या आगाऊ वेतनवाढी 'नॉन-कंपाउंडेड' आहेत, म्हणजे प्रत्येक वेतनवाढ त्याच मूळ रकमेवर. समजा, वेतन १५,६०० अधिक ६,००० ग्रेड पे (श्रेणीनुसार मिळणारी रक्कम), म्हणजे २१,६००. त्याचे तीन टक्के ६४८, पाचांचे ३,२४०. चढत्या पायरीने मोजले तर ३,४४० येतात, आणि मागणी चुकीची ठरते.

केवळ यूजीसीचे विनियम जोडून भागत नाही. राज्यांच्या महाविद्यालयांना ते राज्य सरकारने स्वीकारल्यावरच बांधील होतात, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये कल्याणी मतिवाणन प्रकरणात सांगितले. तेव्हा गोवा सरकारचा वेतनसुधारणेचा आदेश हवाच. तो आणि फाइलवरची टिपणे माहिती अधिकारात मागता येतात.

आणि वाट पाहत बसू नका. वेतननिश्चितीतली चूक दर महिन्याला नव्याने घडते, त्यामुळे दावा मरत नाही, पण सर्वोच्च न्यायालयाच्या तरसेम सिंग निकालानुसार थकबाकी साधारणपणे याचिकेआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. दरवर्षी नवे निवेदन दिल्याने गेलेली मुदत परत येत नाही.

दिलेली वेतनवाढ परत घेण्याची नोटीस आली तर लगेच लेखी उत्तर द्या. सर्वोच्च न्यायालयाच्या रफिक मसीह निकालाने (२०१४) निवृत्तांकडून, निवृत्तीला वर्षभर उरलेल्यांकडून आणि पाच वर्षांहून अधिक काळ दिलेल्या जादा रकमेची वसुली रोखली आहे. २०२२ च्या थॉमस डॅनियल निकालातही निवृत्त शिक्षकाकडून होणारी वसुली थांबली. पण वेतननिश्चितीच्या वेळी 'जादा रक्कम परत करीन' असे हमीपत्र दिले असेल, तर २०१६ चा जगदेव सिंग निकाल आडवा येतो. कार्यालय सह्यांचा गठ्ठा पुढे करते तेव्हा त्यात हा कागद असतो. तो वाचा आणि त्याची प्रत मागून घ्या. नोटीस आली की वकील सगळ्यात आधी तोच कागद मागतील.