राष्ट्राध्यक्षाने केलेली सुधारणा टिकली का, हे कसं तपासायचं

१६ जून १९३३ या एकाच दिवशी अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी दोन मोठ्या कायद्यांवर सह्या केल्या. पहिला होता मंदीतल्या उद्योगांना वेतन, किमती यांचे नियम घालून देणारा राष्ट्रीय औद्योगिक पुनरुत्थान कायदा. त्याचा प्रचंड गाजावाजा झाला, त्यात सामील झाल्याची खूण असलेलं निळ्या गरुडाचं चिन्ह दुकानादुकानांत झळकलं, आणि २७ मे १९३५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ९ विरुद्ध ० मतांनी त्याचा गाभाच घटनाबाह्य ठरवला. दुसरा होता बँकिंग कायदा. त्यातून आलेला ठेवींचा विमा १ जानेवारी १९३४ ला २,५०० डॉलरपासून सुरू झाला. आज त्याची मर्यादा २,५०,००० डॉलर आहे. राष्ट्राध्यक्ष तेच, काँग्रेस (अमेरिकेची संसद) तीच, दिवसही तोच, पण एक कायदा दोन वर्षांत कोसळला आणि दुसऱ्यातून आलेला विमा नव्वद वर्षांनंतरही चालू आहे.

सुधारक राष्ट्राध्यक्षांचा अभ्यास करताना सगळ्यात जास्त घोटाळा इथेच होतो. रूझवेल्ट यांची ‘न्यू डील’ किंवा १९६० च्या दशकातले राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांची ‘ग्रेट सोसायटी’ ही घोषणांची नावं आहेत. त्यांवर निकाल देता येत नाही, कारण त्यांच्या पोटात डझनावारी कायदे आहेत आणि प्रत्येकाचं नशीब वेगळं आहे. तेव्हा आधी एक कायदा किंवा एक आदेश निवडा आणि तपास संपेपर्यंत तोच धरून ठेवा. सही करणारा आणि घडवणारा एकच असतो असंही गृहीत धरू नका. ठेवींच्या विम्याला स्वतः रूझवेल्ट यांचा विरोध होता; त्याचा आग्रह प्रतिनिधिगृहातल्या हेन्री स्टीगल यांनी धरला होता.

कागद कोणता, ते आधी पाहा

अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षाकडे बदल घडवण्याचे मार्ग मोजके आहेत: काँग्रेसकडून कायदा करून घेणं, कार्यकारी आदेश किंवा घोषणापत्र काढणं, खात्यांची पुनर्रचना करणं, आणि नेमणुका. घटनादुरुस्तीत त्याच्या सहीला औपचारिक स्थानच नाही. कोणता मार्ग वापरला, यावर टिकाऊपणा बराच ठरतो. लिंडन जॉन्सन यांच्या काळातलीच जोडी घ्या. नोकरीत वंश, धर्म, लिंग यांवरून भेदभाव करायला मनाई करणारं सातवं प्रकरण १९६४ च्या नागरी हक्क कायद्यात आहे आणि ते आजही लागू आहे. सरकारी कंत्राटदारांवर समान संधीची जबाबदारी टाकणारा ११२४६ क्रमांकाचा आदेश मात्र सप्टेंबर १९६५ चा. तो जवळपास साठ वर्षं चालला आणि जानेवारी २०२५ मध्ये दुसऱ्या राष्ट्राध्यक्षाच्या एका सहीने रद्द झाला.

कायदा वाचायचा तो मूळ रूपात. ‘स्टॅच्यूट्स ॲट लार्ज’ या खंडांत कायदा मंजूर झाला तसा छापलेला असतो. ‘यूएस कोड’मध्ये आजवरच्या दुरुस्त्या मिसळलेला मजकूर मिळतो. हा फरक विसरला की १९३५ च्या सामाजिक सुरक्षा कायद्याला त्यात नसलेल्या गोष्टींचं श्रेय दिलं जातं. पती-पत्नी आणि वारसांसाठीचे लाभ १९३९ च्या दुरुस्तीत आले, अपंगत्वाचा लाभ १९५६ मध्ये.

आदेश असेल तर तो कुठल्या कायद्याच्या आधारावर काढलाय हे शोधा. बहुधा पहिल्याच परिच्छेदात त्याचा उल्लेख असतो. १९०७ मध्ये काँग्रेसने शेतीखात्याच्या खर्चाच्या विधेयकात एक पुस्ती जोडली: वायव्येकडच्या सहा राज्यांत नवी राखीव जंगलं यापुढे काँग्रेसशिवाय कोणी जाहीर करायची नाहीत. विधेयक टेबलावर असताना त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट आणि वनखात्याचे प्रमुख गिफर्ड पिंशो यांनी घाईने नकाशे तयार करवून घेतले, सुमारे १ कोटी ६० लाख एकर जंगल राखीव म्हणून जाहीर केलं, आणि मगच ४ मार्चला विधेयकावर सही झाली. १८९१ च्या कायद्याने राष्ट्राध्यक्षाला दिलेला अधिकार ती सही होईपर्यंत शाबूत होता. म्हणून तारखा ओळीने लिहून काढाव्यात. त्यांच्या क्रमातच डाव दिसतो.

अंमलबजावणी कोणाच्या हातात दिली?

या प्रश्नाला सर्वांत जास्त वेळ द्या. राष्ट्राध्यक्ष चेस्टर आर्थर यांनी १६ जानेवारी १८८३ ला सही केलेला सरकारी नोकरभरतीचा पेंडलटन कायदा त्यासाठी उत्तम नमुना आहे. त्याआधी जिंकलेला पक्ष आपल्या माणसांना सरकारी नोकऱ्या वाटायचा आणि त्यांच्या पगारातून पक्षनिधी कापून घ्यायचा. पद न मिळाल्याने चिडलेल्या एकाने १८८१ मध्ये राष्ट्राध्यक्ष गारफिल्ड यांच्यावर गोळ्या झाडल्या, आणि लोकमत पेटलं. कायद्याने तीन जणांचा आयोग नेमला, एका पक्षाचे दोनपेक्षा जास्त सदस्य नकोत अशी अट घातली, स्पर्धा परीक्षा आणली. पण सुरुवातीला केंद्र सरकारच्या नोकऱ्यांपैकी जेमतेम दहावा हिस्साच त्याखाली आला. एवढ्यावर कायदा फुसका ठरवायचा मोह होतो. त्यातली एक तरतूद मात्र फार दूरवर गेली: संरक्षित पदांची यादी राष्ट्राध्यक्षाला आदेशाने वाढवता येत होती. पायउतार होणाऱ्या राष्ट्राध्यक्षांनी आपल्याच माणसांच्या नोकऱ्या वाचवायला ती वाढवत नेली. ज्या पक्षहितावर कायद्याचा रोख होता, त्याच पक्षहिताने तो मोठा केला.

दुसरा परिणाम राजकारणावर झाला. कर्मचाऱ्यांकडून सक्तीने मिळणारा पैसा आटला, तसे पक्ष बड्या कंपन्यांच्या देणग्यांकडे वळले, आणि १९०७ मध्ये त्या देणग्यांवर बंदी घालणारा टिलमन कायदा करावा लागला. प्रत्येक सुधारणेबाबत विचारावं: दार बंद केल्यावर पैसा आणि माणसं कुठल्या खिडकीतून आत आली?

पैसा दरवर्षी मागावा लागतो का?

काँग्रेसमध्ये एखादी योजना मंजूर होणं वेगळं आणि तिला निधी मिळणं वेगळं. सामाजिक सुरक्षेसाठी १९३७ पासून कामगार आणि मालक दोघांकडून, वर्षाच्या पहिल्या ३,००० डॉलर पगारावर, प्रत्येकी १ टक्का कर सुरू झाला. मासिक पेन्शन १९४० मध्ये मिळू लागली. आधी वर्गणी, मग लाभ असा क्रम असल्यामुळे लोकांना ती आपली हक्काची रक्कम वाटली, आणि फ्रँकलिन रूझवेल्ट यांना नेमकं तेच हवं होतं. याउलट जॉन्सन यांनी गरिबीविरोधी मोहिमेसाठी १९६४ मध्ये उभारलेलं आर्थिक संधी कार्यालय वर्षावर्षाच्या निधीवर जगत होतं. निक्सन यांच्या काळात त्याचे तुकडे पडले, १९७५ मध्ये नाव बदललं आणि १९८१ मध्ये उरलेलंही बंद झालं.

मतं मोजताना प्रदेश बघा

नागरी हक्क विधेयकावरचं फिलिबस्टर, म्हणजे भाषणं लांबवून मतदान अडवण्याचा डाव, मोडायला सिनेटमध्ये ६७ मतं लागत होती. १० जून १९६४ ला ७१ पडली: ४४ डेमोक्रॅट, २७ रिपब्लिकन. नुसतं पक्षवार पाहिलं तर कोडं सुटत नाही, कारण विरोधाचा कणा दक्षिणेतले डेमोक्रॅट होते. त्यांचं वजन १९३५ लाही होतं. सामाजिक सुरक्षा कायद्यातून शेतमजूर आणि घरकामगार वगळले गेले, आणि त्याचा फटका कृष्णवर्णीय कामगारांना सर्वाधिक बसला. कारणाबद्दल इतिहासकारांत मतभेद आहेत: काही दक्षिणेच्या दबावाकडे बोट दाखवतात, काही अशा विखुरलेल्या कामगारांकडून कर वसूल करण्याच्या अडचणीकडे. नोंद करताना परिणाम ठामपणे लिहा, हेतू जपून.

न्यायालयाची पायरी

इथे दोन चुका हमखास होतात. पहिली म्हणजे तारखांवरून कारण जोडणं. ५ फेब्रुवारी १९३७ ला फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी सर्वोच्च न्यायालयात सत्तरी ओलांडलेल्या प्रत्येक न्यायाधीशामागे एक, जास्तीत जास्त सहा, नवे न्यायाधीश नेमण्याची योजना मांडली. २९ मार्चला न्यायालयाने किमान वेतनाचा वॉशिंग्टन राज्याचा कायदा ५ विरुद्ध ४ मतांनी उचलून धरला. आधी अशा कायद्याच्या विरोधात मत दिलेले न्यायाधीश ओवेन रॉबर्ट्स योजनेला घाबरून फिरले, असं सर्रास लिहिलं जातं. पण त्यांनी बंद दाराआड मत दिलं होतं ते डिसेंबर १९३६ मध्ये, योजना जाहीर होण्याआधी. योजना पुढे सिनेटमध्ये बारगळली.

दुसरी चूक म्हणजे ‘कायदा रद्द झाला’ किंवा ‘कायम राहिला’ असं एका शब्दात उरकणं. १९६५ च्या मतदान हक्क कायद्यामुळे मिसिसिपीत कृष्णवर्णीय मतदारांची नोंदणी ६.७ टक्क्यांवरून १९६७ पर्यंत ५९.८ टक्क्यांवर गेली. २५ जून २०१३ च्या शेल्बी काउंटी निकालाने त्यातलं फक्त कलम ४(ब), म्हणजे मतदानाचे नियम बदलण्याआधी कोणत्या राज्यांना केंद्राची पूर्वपरवानगी लागेल हे ठरवणारं सूत्र, काढून टाकलं. पूर्वपरवानगीचं कलम ५ कागदावर आहे. सूत्रच नसल्याने ते जवळजवळ कोणालाच लागू होत नाही. कलमागणिक तपासल्याशिवाय हे दिसत नाही.

शेवटची कसोटी: विरोधी पक्षाची पहिली पाळी

राष्ट्राध्यक्षपद आणि काँग्रेसची दोन्ही सभागृहं विरोधकांच्या हाती आली ते पहिलं वर्ष शोधा आणि तिथे थांबून वाचा. १९५३ मध्ये आयझेनहॉवर यांच्यासह रिपब्लिकनांकडे सगळं आलं, आणि १९५४ मध्ये त्यांनी सामाजिक सुरक्षा मोडण्याऐवजी वाढवली. ओबामा यांच्या २०१० च्या आरोग्यविमा कायद्याची हीच वेळ २०१७ मध्ये आली. २८ जुलैला सिनेटमध्ये तो मोडण्याचा प्रयत्न ४९ विरुद्ध ५१ मतांनी फसला; डिसेंबरच्या करकायद्याने मात्र विमा न घेणाऱ्यावरचा दंड शून्य डॉलर केला. तपासाच्या नोंदी लिहिताना या दोन गोष्टी दोन वेगळ्या ओळींत गेल्या पाहिजेत.