हायकोर्टाचा आदेश हातात आहे, पण ऑफिस पाळत नाही: काय करायचं?

मी छत्रपती संभाजीनगरला खंडपीठात वकिली करणाऱ्या एका मॅडमकडे कारकून आहे. निवृत्त शिक्षक, अनुकंपाची वाट बघणारी पोरं निकालाची प्रत टेबलावर ठेवतात आणि म्हणतात, "भाऊ, कंटेम्प्ट टाकून द्या," म्हणजे आदेश मोडला म्हणून अवमान याचिका दाखल करा. मी त्यांना आधी त्या आदेशाचा शेवटचा भाग वाचायला लावतो.

"निवेदनावर 12 आठवड्यांत निर्णय घ्यावा" आणि "12 आठवड्यांत थकबाकी द्यावी" यांत फार अंतर आहे. पहिल्या आदेशात साहेबांनी मुदतीत निवेदन फेटाळलं, तरी आदेश पाळला गेला. तो निर्णय चुकीचा वाटत असेल तर त्याविरुद्ध नवी रिट (सरकारी निर्णयाला हायकोर्टात आव्हान देणारी याचिका) लागते, अवमान याचिका चालत नाही. म्हणून निकालाच्या दिवशीच, मुदत स्पष्ट घालून द्यावी अशी विनंती तुमच्या वकिलांना कोर्टाला करायला सांगा.

मग कोर्टात सर्टिफाईड कॉपीसाठी (कोर्टाच्या शिक्क्याची अधिकृत प्रत) अर्ज करा. कॉपी मिळाली की अर्ज जोडून ती स्वतः त्या ऑफिसच्या आवक विभागात द्या आणि तुमच्याकडच्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक घ्या. शिपायाच्या हातात देऊन परत फिरू नका. सोबत एक प्रत स्पीड पोस्टाने पाठवा, पोच जपा. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यात दिवाणी अवमान म्हणजे जाणूनबुजून केलेली अवज्ञा. आदेश साहेबांना पोचलाच नव्हता असं शपथपत्र आलं, तर त्याला उत्तर म्हणून तुमच्याकडे तो आवक शिक्काच असतो. माझ्या मते अर्धी अवमान याचिका त्या खिडकीवरच उभी राहते.

मुदत आदेशाच्या तारखेपासून की प्रत मिळाल्यापासून, हे आदेशातच बघा. 12 आठवडे म्हणजे 84 दिवस, तीन महिने नव्हेत. ती तारीख फाईलच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा. ती उलटली की वकिलांमार्फत नोटीस द्या. पण स्मरणपत्रांत वर्ष घालवू नका. कायद्याचं कलम 20 सांगतं की अवमान घडल्यापासून एका वर्षानंतर कारवाई सुरू होत नाही, आणि तुम्ही कितीही स्मरणपत्रं पाठवली तरी ती मुदत लांबत नाही. "साहेब बघतो म्हणाले" या भरवशावर वर्ष संपलेली माणसं आमच्याकडे येतात, तेव्हा फार वाईट वाटतं.

याचिकेत नुसतं पदनाम पुरत नाही. मुदत संपली तेव्हा त्या खुर्चीवर जे होते त्यांचं नाव लागतं. बदल्या होत असतात, म्हणून ऑफिसच्या आस्थापना शाखेतून नाव नीट काढून आणा. आदेशाची प्रत, आवक पोच, नोटीस, पोस्टाची पावती आणि मुदतीचा हिशेब, एवढे कागद जोडा. ॲडव्होकेट जनरलची (राज्याचे महाधिवक्ता) संमती फौजदारी अवमानासाठी, म्हणजे कोर्टाची बदनामी किंवा कामात अडथळा अशा प्रकरणांसाठी असते, इथे लागत नाही.

शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2,000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी आहे, आणि मनापासून मागितलेली माफी कोर्ट स्वीकारू शकतं. साहेब तुरुंगात जावेत या आशेने येऊ नका. आपल्याला पेन्शन हवी आहे, आणि ती बऱ्याचदा कोर्टाची नोटीस निघाल्यावरच हलते.

तालुका किंवा जिल्हा कोर्टाचा आदेश असेल तर सहसा हायकोर्टात धावायची गरज नसते. निशाणी 5 वर (दाव्यातल्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर) मिळालेली मनाई मोडली, तर त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 39, नियम 2-अ खाली अर्ज करा. हुकूमनामा (दाव्याचा अंतिम निकाल) असेल तर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावा. पोटगी थकली असेल तर त्याच कोर्टात वसुलीचा अर्ज करा, आणि तोही रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत.

आदेश तुमच्याच विरुद्ध असेल तर नुसतं अपील दाखल करून बसू नका. स्थगिती मिळेपर्यंत आदेश पाळावाच लागतो.

अवमान याचिकेच्या शेवटच्या तारखेला सरकारी वकील "रक्कम जमा केली" असं सांगतात. त्याआधी पासबुक भरून घ्या, थकबाकी आणि आदेशात असेल तर व्याज जुळवून बघा. कमी पडत असेल तर आकड्यासकट एक कागद तुमच्या वकिलांच्या हातात द्या, म्हणजे याचिका निकाली निघण्याआधी ते उभं राहून बोलू शकतील.