घरात कापूस वाढतो तेव्हा: मोबाइलवर शॉर्टफिल्म कशी करावी

दिवाळीनंतर यवतमाळ जिल्ह्यातल्या आमच्या घाटंजी तालुक्यात एखादी तरी खोली कापसाने भरलेली नाही, असं घर कमीच. भाव चढेल म्हणून कापूस आत, अन् माणसं सपरीत, म्हणजे पडवीत. माझी सात मिनिटांची फिल्म यातूनच सुचली: कापूस रोज रात्री वीतभर वाढतो आणि घरातलं कोणी त्यावर चकार शब्द काढत नाही.

अशी फिल्म करायची तर अचाट गोष्ट एकच ठेवा. बाकी स्वयंपाकाचा गंज तोच, झुलायची बंगई तीच, भांडणंही रोजचीच. तुमचं घर यवतमाळच्या लेआउटमध्ये, म्हणजे प्लॉट पाडलेल्या वसाहतीत असेल तर तिथलीच अडचण शोधा, आमचा कापूस नेऊ नका.

कलाकारांना दचकू देऊ नका. पहिल्या टेकला काकांनी डोळे मोठे केले आणि प्रसंगातली जानच गेली. म्हटलं, "काका, तुम्ही फक्त जेवा." कापूस त्यांच्या छातीशी आला होता. आईने विचारलं, "अर्धी भाकर देऊ का अजून?" आणि भाकरीला चिकटलेला तंतू चिमटीने काढून पदराला पुसला. हे मी सांगितलं नव्हतं. त्या शॉटला मी कात्री लावली नाही.

कापूस वाढवायला फोन ट्रायपॉडवर घट्ट बसवा, फोकस आणि एक्स्पोजर (चित्रात किती उजेड येतो ते) लॉक करा. खिडक्या झाकून रात्रीच काढा, म्हणजे उजेड बदलत नाही. रेकॉर्डिंग चालूच ठेवून सगळ्यांनी आहे तसं थांबायचं, दोन टोपल्या कापूस ओतायचा, मग पुढे जेवायचं. ओतण्याचा भाग एडिटिंगमध्ये काढून टाका. फ्रेंच चित्रपटकार जॉर्ज मेलिएसने १८९६ साली पडद्यावरची बाई गायब केली ती कॅमेरा मध्येच थांबवून, युक्ती तीच.

ट्यूबलाइटखाली शटर १/५० सेकंद आणि सेकंदाला २५ फ्रेम ठेवा, कारण आपला करंट ५० हर्ट्झचा. मी ऑटोवर ठेवला होता. भिंतीवर पट्टे सरकत राहिले आणि अख्खी रात्र वाया गेली. एक्स्पोजर थोडं उतरवा, नाहीतर कापूस नुसता पांढरा डाग दिसतो.

हॅलोजन, उदबत्ती, बिडी खोलीत अजिबात नको. एलईडीच वापरा. लेकरांना ढिगात फार वेळ बसवू नका, अंगाला खाज सुटते.

संगीत मी घातलंच नाही. खोली भरत गेली तसे आवाज आपसूक दबत गेले. शेवटचं आईचं "झोपा आता" मी फोन कापसात कोपरभर पुरून रेकॉर्ड केलं.