जनुकमांत्रिक व्हायचे असेल तर : लष्करमधील एक कल्पित अनुभवकथन

ग्वाल्हेरच्या लष्कर भागात, महाराज बाड्यापासून पायी दहा मिनिटांवर असलेल्या एका जुन्या वाड्यात मी नऊ वर्षे जनुकमांत्रिक, म्हणजे मंत्राने जनुकांत बदल करणारी, म्हणून काम करते आहे. जीवशास्त्र शिकलेली आणि घरात गाणे ऐकत वाढलेली बरीच मराठी मुले अलीकडे या व्यवसायाची चौकशी करण्यासाठी येतात. उमेदवारीच्या काळात त्यांच्यापुढे काय येणार आहे, ते त्यांना आधीच कळावे म्हणून हे लिहिते आहे.

आमचा मंत्र वीस अक्षरांचा असतो. डीएनएची लिपी ए, टी, जी आणि सी या चारच अक्षरांची असून आम्ही ती अनुक्रमे षड्ज, पंचम, गंधार आणि निषाद या स्वरांवर म्हणतो. मंत्र जुळला की पेशीत सोडलेली कात्री, म्हणजे कॅस-९ हे प्रथिन, नेमक्या त्या जागी येऊन डीएनए कापते. मात्र त्या वीस अक्षरांना लागून कोणतेही एक अक्षर आणि त्यापुढे दोन जी असावे लागतात. आमच्या बाई त्याला उंबरठा म्हणत. उंबरठा नसेल, तर मंत्र कितीही सुरेल असला तरी कात्री आत पाऊल टाकत नाही.

पहिले वर्ष पहाटेच्या खर्जात आणि दुपारच्या अक्षरजुळणीत जाते. ग्वाल्हेर घराण्याच्या गायकीत स्वर खुल्या ‘आ’कारात, सरळ लावण्यावर भर असतो आणि आमच्या कामाला तो फार उपयोगी पडतो. तानसेनाच्या समाधीजवळच्या चिंचेचा पाला खाऊन गळा गोड होतो या श्रद्धेने नवे विद्यार्थी तिकडे जातात, मीही गेले होते. पण या व्यवसायात गळ्याआधी डोळा तयार व्हावा लागतो, कारण मानवी जीनोममध्ये, म्हणजे माणसाच्या संपूर्ण डीएनएमध्ये, सुमारे ३०० कोटी अक्षरजोड्या आहेत आणि आपल्या मंत्राशी एका-दोन अक्षरांचाच फरक असलेली जागा त्यांत कुठेही दडलेली असू शकते.

हे मी चुकीतून शिकले. दुसऱ्या वर्षी भाताच्या रोपांवर मंत्र म्हणताना मी जुळणीची शेवटची फेरी गाळली. आठवड्याभरात नवी पाने पांढरी फटक निघाली, कारण एकाच अक्षराचा फरक असलेल्या दुसऱ्या जनुकावर कात्री चालली होती आणि हरितद्रव्य टिकणे अशक्य झाले होते. बाई रागावल्या नाहीत. ती रोपे सुकेपर्यंत त्यांनी मला रोज त्यांची नोंद ठेवायला लावली आणि ती वही आजही माझ्या टेबलावर आहे.

सर्वांत जास्त विचारणा सिकलसेलसाठी होते. या आजारात हिमोग्लोबिनचा एक भाग घडवणाऱ्या बीटा-ग्लोबिन जनुकातल्या एका ठिकाणी जीएजीच्या जागी जीटीजी येते आणि त्या एका अक्षरामुळे लाल रक्तपेशी विळ्यासारख्या वाकतात. ते अक्षर दुरुस्त करणे हेच आपले काम, असे नवशिक्याला वाटते. प्रत्यक्षात आम्ही बहुतेक वेळा दुसरा मार्ग घेतो. गर्भात असताना सगळ्यांकडेच मोठेपणीपेक्षा वेगळे हिमोग्लोबिन असते आणि जन्मानंतर काही महिन्यांत बीसीएल-११ए हे जनुक ते जवळजवळ निजवून टाकते. रक्त घडवणाऱ्या पेशींमध्ये या जनुकाला चालना देणारा भाग मंत्राने कापला, की निजलेले हिमोग्लोबिन पुन्हा जागे होते. मंत्राविना, प्रयोगशाळेत हाच मार्ग वापरणाऱ्या उपचाराला २०२३ मध्ये ब्रिटन आणि अमेरिकेत मान्यता मिळाली आहे. आम्हीही मंत्र रुग्णाच्या अंगावर कधीच म्हणत नाही. पेशी बाहेर काढून कुपीत ठेवल्यावरच म्हणतो.

भ्रूणावर मंत्र म्हणायचा नाही, हा आमचा कडक नियम आहे, कारण तो बदल पुढच्या पिढ्यांत उतरतो आणि त्या पिढ्यांना विचारण्याची सोय नसते. आई-वडील दोघेही सिकलसेलचे वाहक असतील, म्हणजे प्रत्येकाच्या दोन जनुकप्रतींपैकी एक सदोष असेल, तर प्रत्येक गरोदरपणात मूल आजारी असण्याची शक्यता २५ टक्के असते. पहिल्या मुलाला आजार झाला म्हणून पुढची तीन सुटतील, असा हिशेब कुटुंबे धरतात. तो चुकीचा आहे, हे शांतपणे समजावायला कधी कधी दोन-दोन तास लागतात. त्या बैठकीत उमेदवाराने बोलू नये, बाजूला बसून ऐकावे.

शिकायला येताना आखलेली जाड वही, शिसपेन्सिल आणि तानपुरा आणावा. तानपुरा नसेल, तर पहिले सहा महिने वाड्यातला वापरता येतो.