बीपीची वही राहू द्या, यंत्रच सोबत न्या

घरी लिहिलेल्या बीपीच्या वहीतले आकडे फार गुळगुळीत असतात. १३०/८०, १२०/८०, परत १३०/८०. यंत्राची मेमरी उघडली की मात्र मधेच १४७/९१ निघतं. ‘चुकून आलं असेल’ म्हणून ते लिहिलेलंच नसतं. वही आणि मेमरी ताडून पाहणाऱ्या अभ्यासांतही हा फरक दिसला आहे. डॉक्टर गोळ्या वाढवणार की कमी करणार हे या आकड्यांवर ठरतं, त्यामुळे मोजायचं नीट आणि दाखवायची मेमरी.

यंत्र दंडाला लावायचं घ्या, मनगटाचं नको. खरेदीच्या साइटवरचे तारे अचूकपणाबद्दल काहीच सांगत नाहीत. अचूकपणाच्या चाचणीत उतरलेल्या बीपी यंत्रांची यादी ‘स्ट्राइड बीपी’च्या वेबसाइटवर असते; तिच्यात तुमचं मॉडेल आहे का ते बघा. मग टेप घेऊन खांदा आणि कोपर यांच्या मधोमध दंडाचा घेर मोजा आणि पट्ट्यावर छापलेल्या सेंटिमीटरशी जुळवा. जाड दंडाला लहान पट्टा लावला तर बीपी खोटंच जास्त दिसतं. २०२३ च्या एका अमेरिकी चाचणीत ज्यांना सर्वांत मोठा पट्टा हवा होता त्यांना नेहमीचा लावला, तर वरचा आकडा सरासरी १९.५ ने चढला. एवढ्यावर माणूस नाहक गोळ्या घेऊ लागेल.

सकाळी गोळी आणि नाश्त्याआधी, रात्री जेवणाआधी मोजा. आधी अर्धा तास चहा, तंबाखू, व्यायाम बंद. लघवीला जाऊन या. खुर्चीला पाठ टेकवून, पाय जमिनीवर सपाट ठेवून पाच मिनिटं गप्प बसा. पायावर पाय नको. पट्टा उघड्या दंडावर, खालची कड कोपराच्या घडीपासून दोन-तीन सेंटिमीटर वर, आत एक-दोन बोटं जातील इतपत घट्ट. बाही वर सरकवली आणि तीच दंडाला आवळली, तर ती आधी उतरवा.

सगळ्यात जास्त चूक हाताची होते. हात टेबलावर, पट्टा हृदयाच्या पातळीत हवा; टेबल ठेंगणं असेल तर खाली उशी घ्या. २०२४ च्या अभ्यासात हात मांडीवर ठेवल्याने वरचा आकडा सुमारे ४ ने आणि बाजूला लोंबता सोडल्याने साडेसहाने जास्त आला. मोजताना बोलणंही बंद, फोनवर ‘हो, हो’सुद्धा नाही.

पहिल्यांदा दोन्ही दंड तपासा. वरच्या आकड्यात फरक दरवेळी १० पेक्षा जास्त येत असेल तर जास्त आकड्याचा हात कायमचा धरा आणि डॉक्टरांना सांगा. मग सात दिवस, दोन्ही वेळा, एका मिनिटाच्या अंतराने दोन-दोन रीडिंग. पहिला दिवस सोडून द्या. उरलेल्या २४ ची सरासरी काढा. १३५/८५ किंवा त्याहून जास्त आली तर घरच्या मोजणीनुसार बीपी वाढलेलं. यंत्र कंपनं टिपून आकडा काढतं, म्हणून नाडी अनियमित असेल तर तो भरवशाचा नसतो.

मेमरीत भेसळ होते ती पाहुण्यांमुळे. ‘जरा माझंही बघ’ म्हणणाऱ्यांसाठी दुसऱ्या व्यक्तीचं बटण ठेवा. सेल बदलले की बऱ्याच यंत्रांत तारीख-वेळ पुसली जाते, ती लगेच लावा; नाहीतर सकाळचं कोणतं, रात्रीचं कोणतं कळणार नाही. जागा भरली की जुनी नोंद आपोआप उडते, त्यामुळे तुमच्या यंत्रात किती मावतात ते माहितीपत्रकात पाहा.

‘वरचा आकडा १२० च्या खालीच हवा’ हा आग्रह मुख्यतः २०१५ च्या स्प्रिंट चाचणीतून आला. ९,३६१ जणांच्या या चाचणीत १२० चं लक्ष्य ठेवलेल्या गटात हृदयविकाराच्या घटना आणि मृत्यू १४० च्या गटापेक्षा कमी झाले, पण बेशुद्ध पडणं आणि किडनीला इजा वाढली. मधुमेही त्यात नव्हते. शिवाय तिथला आकडा पाच मिनिटं शांत बसवून, यंत्राने तीनदा मोजून काढलेल्या सरासरीचा होता. धावतपळत घेतलेल्या एका रीडिंगला तो लावू नका, आणि गोळ्या स्वतःहून वाढवू नका.

१८०/१२० च्या वर गेलं तर पाच मिनिटं थांबून परत मोजा. तेवढंच राहिलं तर त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. सोबत छातीत दुखणं, धाप, एका बाजूची ताकद जाणं किंवा बोलणं अडखळणं असेल तर परत मोजत बसू नका, १०८ लावा.

दवाखान्यात जाताना यंत्र, त्याचा पट्टा आणि चालू गोळ्यांची पाकिटं एकाच पिशवीत घाला. तिथल्या यंत्राशी तुमचंही एकदा ताडून घेता येईल.