सीटी स्कॅनच्या डायची अ‍ॅलर्जी: काय सांगायचं, कधी सांगायचं

कॉन्ट्रास्ट सीटीला, म्हणजे शिरेत डाय देऊन करायच्या स्कॅनला जाताना आपण जुने रिपोर्ट, फिल्म सगळं पिशवीत भरतो. पण मागच्या वेळी डाय दिल्यावर अंगावर पित्त उठलं होतं, हे सांगायचंच राहतं. धोक्याची सगळ्यात मोठी खूण तीच. तेव्हा दिलेल्या डायचं नाव, म्हणजे आयोहेक्सॉल, आयोपामिडॉल की आणखी कुठला, ते सेंटरकडून लिहून घ्या आणि फाइलच्या पहिल्याच पानावर चिकटवा. नाव कळलं तर रेडिऑलॉजिस्टना दुसरा डाय निवडता येतो. काहींना आधी स्टेरॉइडच्या गोळ्या देतात. नेहमीच्या पद्धतीत त्या १३ तास आधीपासून सुरू होतात, त्यामुळे हे सगळं अपॉइंटमेंट घेतानाच बोला. टेबलावर झोपल्यावर सांगितलं, तर गोळ्यांना वेळच उरत नाही. मनाने मात्र गोळ्या घेऊ नका.

कोळंबी-खेकडा चालत नाही म्हणून डाय नको, हा समज काही जात नाही! ती अ‍ॅलर्जी कोळंबी-खेकड्यातल्या प्रथिनांची असते, डायमध्येही असणाऱ्या आयोडीनची नव्हे.

डाय शिरेत जाताना अंग गरम होतं, तोंडाला धातूची चव येते, लघवी झाल्यासारखं वाटतं. ते चालायचंच. खाज सुटली, घसा आवळला, धाप लागली किंवा गरगरलं, तर लगेच हाक मारा, संकोच नको. नंतर अर्धा तास तिथेच बसा, तोवर हातातली सुई काढायची घाई करू नका. पुरळ कधी कधी घरी गेल्यावर, अगदी आठवड्याभरातही उठतं. तेव्हा डॉक्टरांना दाखवा. ओठ-जीभ सुजली किंवा श्वास अडकला, तर थेट १०८.