दुसऱ्याचे पुडके परदेशातून आणू नका
परदेशातून नाशिकला परतताना कोणी ओळखीने ‘एवढे पुडके घरी पोहोचवा’ म्हणून गळ घातली, तर भीड न बाळगता नकार द्यावा. कारण त्यात अमली पदार्थ सापडले, तर १९८५ च्या एनडीपीएस (अमली पदार्थविरोधी) कायद्याच्या कलम ३५ नुसार आतल्या मालाची आरोपीला जाणीव होती असेच न्यायालय गृहीत धरते आणि ती नव्हती हे निःसंशय सिद्ध करण्याचा भार त्याच्यावरच येतो. शिक्षा वजनावर ठरते : गांजा १ किलोहून कमी असल्यास १ वर्षापर्यंत कैद, २० किलोहून अधिक असल्यास किमान १० वर्षे सक्तमजुरी आणि किमान १ लाख रुपये दंड, शिवाय जामीन मिळणे फार अवघड. झोपेसाठी दिले जाणारे अल्प्राझोलामही याच कायद्यात येते, म्हणून गोळ्या मूळ पाकिटातच ठेवाव्यात आणि डॉक्टरांची चिठ्ठी पासपोर्टसोबत ठेवावी.